सात चालू, आठ बंद

१

शिवानी, मधात बोलू नको, फक्त ऐक. चहा थंड झाला तं होऊ दे. तू आज नागपूरहून आली नसती तं मी हे भिंतीले सांगितलं असतं, एवढं पोटात साचून राहिलं.

माही सुशीलामावशी तुले माहीत आहे. सौंसरची, शिलाईवाली. तू नर्सिंगले गेली अन् त्याच्या मागं ती टीव्हीवर आली. नागपूरच्या एका चॅनलनं तिच्या दुकानातच कार्यक्रम बसवला, ‘बोल वं बाई’. मावशी मशीनवर, गळ्यात टेप, नाकावर तो जाड चष्मा. बाया ब्लाऊजचं माप द्याले येतात, मावशी माप घेता घेता त्याइले बोलतं करते, मधात आपल्या घरचे किस्से सांगते. बस, एवढंच. पण पांढुर्ण्यात दर रविवारी बाया भाजी गॅसवर सोडून टीव्हीपुढं. काहून, की भोपाळवाले आपल्याले म्हणतात तुम्ही मराठी, नागपूरवाले म्हणतात तुम्ही एमपीवाले, अन् इथं एक बाई टीव्हीत बसून चक्क आपल्यासारखं बोलून राहिली होती.

शेवटी ती प्रेक्षकाइचे मेसेज वाचायची. लोकं काहीबी लिहायचे. साडी कुठून घेतली, आवाज मोठा करा, पोरीचा अजून एक किस्सा सांगा. पोरगी मतलब प्रज्ञा, मावशीची. तिचे किस्से सगळ्यात जास्त चालायचे. एकदा कोणाचा तरी उलटा मेसेज आला, नाव नाही गाव नाही, की पोरीचे किस्से बंद करा. मावशीनं तो कॅमेऱ्यापुढं वाचला अन् चष्म्यावरून पाहत म्हणाली, बाई, तुह्या घरी पोरगी नसंन म्हणून जळून राहिली. दुकानातल्या बाया लोळल्या हसून. इकडे आमच्या घरी मी हसली, माही आई हसली, प्रज्ञा बी हसली.

प्रज्ञा कॉलेजसाठी आमच्याचकडे राहते ना, पांढुर्ण्याले. माह्याच खाटीवर झोपते. बहीण कमी अन् सावली जास्त.

तं झालं असं, की चॅनलले रविवारच्या त्याच टाइमाले दुसरा कार्यक्रम टाकायचा होता. ते म्हणे, आम्ही ठरवत नाही, लोकाइलेच विचारतो. मिस कॉल द्यायचा. एक नंबर ‘चालू ठेवा’चा, एक ‘बंद करा’चा. बाकी आकडे सारखे, शेवटचाच वेगळा. मिस कॉल गेला की मेसेज यायचा, ‘आपलं मत नोंदवलं, धन्यवाद.’

आपल्या पांढुर्ण्यानं काय केलं माहीत आहे? घराघरातून कॉल. भाजीवाल्यानं गिऱ्हाइकाच्या मोबाईलवरून कॉल देल्ला. सावरगाव, तिगाव, सगळ्याइनं.

अन् मागच्या रविवारी निकाल. चॅनलवरची ती बाई गोड हसून म्हणाली, “प्रेक्षकांनी ‘बोल वं बाई’ला निरोप दिला आहे. विशेष म्हणजे, ‘बंद करा’ म्हणणारे सगळ्यात जास्त फोन मध्य प्रदेशातूनच आले.”

मध्य प्रदेशातून. मतलब आपल्यातून.

मी सोमवारी सकाळची बस पकडून सौंसरले गेली. मावशीनं गळ्यातला टेप काढून खिळ्याले टांगून ठेवला होता. मले वाटे रडून राहिली असंन. नाही. बसून कपड्याचं गाठोडं बांधत होती. मले म्हणाली, “हे पांढुर्ण्याचे ब्लाऊज आहेत, वापस घेऊन जा. ज्याइनं मले दाराबाहेर काढलं त्याइची मापं मी नाही ठेवत.”

एवढं बोलून ती मागं अंगणात जाऊन बसली. मी आतमधी एकटीच. टीव्हीवर त्याच कार्यक्रमाचं जुनं रिपीट चालू होतं, कौल मागितला होता तेच. मावशीकडे डिश आहे. अन् पांढुर्ण्यात आपल्याकडे केबल. तुले आठवते ना आपली केबल? खालून हिरवी पट्टी पळत राहते, साडी सेंटर, कोचिंग क्लास, इन्व्हर्टर दुरुस्ती. टीव्हीचा खालचा भाग आपण पांढुर्णावाल्याइनं जन्मात पाहिला नाही.

इथं पट्टी नव्हती. खाली दोन्ही नंबर साफ दिसून राहिले होते. शेवटी सात, चालू ठेवा. शेवटी आठ, बंद करा.

मी मोबाईल काढून पाहिला. मी आठवर कॉल देल्ला होता. माह्या आईनं बी. गल्लीतल्या सगळ्याइनं. काहून, की गावभर लागलेल्या पोस्टरवर आठच होता.

२

आधी मले वाटलं छपाईची चूक. होते ना, सातचा आठ. पण मंग मी दारात उभी राहून विचार केला. त्या पोस्टरवर एकच नंबर होता. दोन असते तं अदलाबदल झाली म्हटलं असतं. एकच नंबर टाकायचा, अन् चुकून तोच टाकायचा जो मावशीले बंद करते? आकडा चुकला असता तं कोण्या परक्या माणसाले फोन लागला असता, कुठीबी. बरोबर ‘बंद’वरच जाऊन कसा पडला?

प्रज्ञाले फोन केला. सगळं सांगितलं. ती म्हणे, आईले आत्ताच नको सांगू, आधी कोण ते पाहू. मले पटलं. अर्धवट सांगून मावशीले अजून काहून फिरवायचं?

मंग शुभमदादाले लावला. शुभम मतलब चॅनलचा पोरगा, कॅमेरा तोच आणायचा, दर भागाले तोच यायचा. त्यानं ऐकून घेतलं अन् मले दोन गोष्टी सांगितल्या. एक, पोस्टर खरं असंन तं घेऊन ये, आम्ही ते टीव्हीवर दाखवू, नंबर चुकला सांगू, पुन्हा कौल घेऊ. दोन, गुरुवारी त्या जागी नव्या कार्यक्रमाचं शूटिंग आहे, तं बुधवारच्या संध्याकाळपर्यंत. त्याच्यानंतर साहेब ऐकणार नाही. अन् पोस्टर कोणी छापलं ते आधी पक्कं कर, म्हणे, नाहीतर साहेब म्हणतीन की हारल्यावर बनवून आणलं.

आज बुधवार आहे, शिवानी. हे ध्यानात ठेव.

बसनं वापस आली अन् जयस्तंभाजवळच्या भिंतीवरून एक पोस्टर अख्खं सोडवलं. पाणी मारून, नखानं, हळूहळू. प्रज्ञानंच पाण्याची बाटली धरली होती.

तू पाहिलं नाही म्हणून सांगतो. साधी झेरॉक्स, काळी-पांढरी. वर लिहिलं, ‘सुशीलाबाई आपल्या आहेत. बंद होऊ देऊ नका.’ खाली नंबर. मधात मावशीचा फोटो, अशी खळखळून हसून राहिली, चष्मा नाही, डोळे बारीक झालेले. अन् तिच्या खांद्यावर कोणाचीतरी चार बोटं. बाजूचं माणूस कापून टाकलेलं, बोटंच तेवढी राहून गेलेली, मेंदीवाली. मी म्हटलं कोणी फॅन असंन, हल्ली सगळ्याच बाया तिच्यासंगं फोटो काढतात.

प्रज्ञा म्हणे, “मले तं शुभमवरच डाऊट आहे.”

मी म्हटलं पाहू.

३

पहिले गेलो वैभवकडे, केबलवाल्याकडे. मले त्याच्यावर डाऊट होता. पट्टी त्याची. त्यानं नंबर झाकला. अन् मावशीनं त्याच्या साडी सेंटरच्या जाहिरातीत बोलाले नाही म्हटलं होतं, तो राग असंन.

तो वायरचं भेंडोळं मांडीवर घेऊन बसला होता. मी विचारलं तं हसाले लागला. म्हणे, पट्टी माही आहे, पण ती तं दहा वर्षांपासून पळून राहिली, मावशीसाठी थोडीच सुरू केली. अन् हा काही खोटं नाही बोलला. उलट त्यानं काय केलं होतं, बाजारात पोस्टर दिसलं तं त्याचा फोटो काढून स्वतःच्या लोकल चॅनलवर फुकट चालवला. जाहिरातीच्या मधात. मावशीसाठी म्हणून.

“तुमच्या मावशीले घालवाचं असतं तं मी पट्टी थोडी वर सरकवली असती,” म्हणे, “तोंडच झाकलं असतं.”

पोस्टर त्यानं कुठं पाहिलं? श्रावणभाऊच्या मॅजिक गाडीच्या मागच्या काचेवर.

श्रावणभाऊ पांढुर्णा-सौंसर मॅजिक चालवतो. मावशीचा एवढा भक्त, की सौंसरचं भाडं नसलं तरी दुकानापुढून गाडी फिरवून आणतो. बसस्टँडवर सापडला. नंबरचं सांगितलं अन् त्याचा चेहराच उतरला.

त्यानं जे सांगितलं ते असं. कौलाच्या भागाचं शूटिंग झालं त्या दिवशी संध्याकाळी त्यानं सौंसरहून तिघाइले पांढुर्ण्याले आणलं. स्मितामॅडम, त्याच दिवशी कार्यक्रमात पाहुण्या म्हणून गेल्या होत्या. शुभम, त्याले नागपूरची गाडी पकडायची होती. अन् प्रज्ञा. दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी धुताना मागच्या सीटखाली कागदाचा गठ्ठा सापडला, सुतळीनं बांधलेला. उघडून पाहतो तं मावशीचा फोटो. त्याले वाटलं मॅडमनं छापून आणले अन् विसरल्या. विचाराले बी नाही गेला. घरी खळ शिजवली अन् दिवसभर चिकटवत हिंडला. पांढुर्णा झालं, पूल ओलांडून सावरगाव झालं, उरलेले तिगावले नेले.

“मीच तिले मारलं ना वं, बाई,” तो म्हणाला. “माह्याच हातानं, खळ लावू लावू.”

मी म्हटलं, भाऊ, तुम्ही नाही. तिघातलं कोणी.

बोलून गेली अन् मंग मले समजलं की तिघातली एक माह्या बाजूलेच उभी आहे. मी तिच्याकडे पाहून हसली, ती बी हसली. म्हणे, चला, आता मी बी आरोपी.

शूटिंगले जे होते त्याइच्याशिवाय नंबर कोणालेच माहीत नव्हते, हे पाय. शुभमनं ते त्याच दिवशी चहाच्या वेळी सांगितले होते, सात चालू, आठ बंद. मावशीले कॅमेऱ्यापुढं म्हणाले लावलं, ‘खाली दिसून राहिलेल्या नंबरवर’. मतलब टीव्हीवर आकडे कोणी बोललंच नाही. अन् गठ्ठा दुसऱ्या दिवशी सकाळी तयार होता, कार्यक्रम लागला रविवारी. तं ज्यानं छापले तो चहाले होता.

४

स्मितामॅडमकडे मी एकटीच गेली. प्रज्ञा म्हणे डोकं दुखून राहिलं.

मॅडम तुले शाळेत होत्या का? मराठी शिकवायच्या, आता रिटायर. त्याइचा एकच छंद, टीव्ही पाहायचा अन् चॅनलले कळवायचं. पहिले पोस्टकार्डं टाकायच्या, आता फोन करतात, मेल करतात. बातम्यावाल्याइनं शब्द चुकीचा म्हटला, फोन. सिरियलमधली सून उन्हाळ्यात स्वेटर घालून दिसली, फोन. अन् मावशीच्या कार्यक्रमावर तं त्याइनं पहिल्या महिन्यातच कळवलं होतं की ही मराठी नव्हे, निम्मी हिंदी आहे, मुलं बिघडतील. म्हणूनच शुभमनं त्याइले पाहुण्या बोलावल्या. समोरासमोर. मावशीनं त्याइले विचारलं, मॅडम, तुम्ही घरी दूधवाल्यासंगं कोण्या मराठीत बोलता? ते टीव्हीवर लागलं, अख्खं गाव हसलं. मतलब राग असायले जागा होती.

मी पोस्टर टेबलावर ठेवलं अन् सगळं सांगितलं. त्याइनं चष्मा पुसला.

“रूपाली, मला तिची भाषा आवडत नाही,” त्या म्हणाल्या. “पण मी तसं माझ्या नावानिशी सांगितलं. मत द्यायचं तर नाव द्यावं. दुसऱ्याचं मत चोरायचं हे मला शिकवलेलं नाही.”

अन् मोबाईल माह्यापुढं केला. त्याइनं बी मिस कॉल देल्ला होता, आठवर. म्हणे, मी ‘चालू ठेवा’साठीच दिला, कारण मला भांडायला रविवारी कोणीतरी हवं. नंबर चहाच्या वेळी ऐकला होता, पण लक्षात राहिला नाही, भिंतीवरून घेतला.

मी मनात खूश. फसल्या बिचाऱ्या, मतलब त्या नाही. पायऱ्या उतरता उतरता डोक्यात आलं, थांब पोरी. ज्याले मावशीले बंदच करायचं आहे त्यानं बी आठवरच कॉल देल्ला असता ना. हा पुरावा दोन्हीकडून चालते. मतलब पुरावाच नाही.

वापस वळली. मॅडम पोस्टर हातात धरून दारातच उभ्या होत्या.

“एक सांग,” म्हणाल्या. “फोटो फार सुंदर आहे. मी सुशीलाबाईंना चष्म्याशिवाय कधी पाहिलंच नाही. टीव्हीवर नाही, दुकानात नाही. कोणी काढला हा?”

५

खरं सांगतो, मी ते ऐकून तसंच सोडलं. डोक्यात शुभमच होता. प्रज्ञा दोन दिवसांपासून तेच कानात टाकून राहिली होती, की नवा कार्यक्रम शुभमच्याच ओळखीच्या पोरीले भेटला आहे.

शुभमले फोनवर सरळ विचारलं. तो चिडला नाही. म्हणे, नवा कार्यक्रम कोण्या पोरीचा नाहीच, रेसिपीचा आहे, नागपूरचा एक आचारी करते. अन् म्हणे, “ताई, मले बंद करायचा असता तं मी तुले पोस्टर आण म्हटलं असतं का?”

हे तं बरोबर. अन् दुसरं, म्हणे तो त्या दिवशी मागं बसलाच नव्हता. कॅमेऱ्याच्या स्टँडची लांब बॅग असते, ती पायाशी घेऊन पुढं बसला होता, ड्रायव्हरजवळ. मी लगेच श्रावणभाऊले लावला. तो म्हणे हो, पुढंच होता, रस्ताभर मले कॅमेऱ्याचे भाव सांगत होता.

गठ्ठा मागच्या सीटखाली होता. मागं मॅडम अन् प्रज्ञा.

मी फोन ठेवला. प्रज्ञा गच्चीवर कपडे काढाले गेली होती. अन् मी अशी खाटीवर बसली, पोस्टर मांडीवर. मॅडमचं बोलणं आठवलं. चष्म्याशिवाय कोणी काढला हा?

पहिल्यांदा मी फोटो नीट पाहिला. मावशी नाही, बोटं. चार बोटं, तीन काळी, मेंदीनं भरलेली. करंगळी कोरी.

शिवानी, मी माहा हात त्या कागदावर ठेवला. तसाच. खांद्यावर ठेवते तसा.

मागच्या उन्हाळ्यात आतेभावाच्या लग्नाले तिगावले गेलो होतो. आदल्या दिवशी प्रज्ञानं माह्या हातावर मेंदी काढली, अन् करंगळीपाशी कोन संपला. मी किती भांडली होती तिच्यासंगं, की तुह्या हातावर काढताना कसा नाही संपला. वापसीच्या वेळी तिगाव स्टेशनवर पॅसेंजरची वाट पाहत आम्ही तिघीच होतो. मी, मावशी अन् प्रज्ञा. एक मालगाडी धाडधाड गेली, मावशीच्या डोळ्यात धूळ गेली, तिनं चष्मा काढला. मी तिच्या खांद्यावर हात ठेवून म्हटलं, मावशी, आता नवरा नवरी कोणते होते ते बी तुले दिसणार नाही. ती हसली, अन् प्रज्ञानं आपल्या मोबाईलात फोटो काढला. पाठवतो पाठवतो म्हणत तिनं तो मले कधी पाठवलाच नाही.

गावभर मी माह्याच हातासंगं हिंडत होती, अन् मलेच तो हात ओळखू आला नाही.

६

ती कपडे घेऊन खाली आली. मी पोस्टरवर हात तसाच ठेवून बसली. तिनं पाहिलं. कपडे खुर्चीवर ठेवले, एक ओढणी घडी केली, दुसरी केली. मंग म्हणाली, “बाहेर चल. तुही आई ऐकन.”

जाम नदीच्या पुलावर गेलो. सावरगावकडून लोकं वापस येऊन राहिले होते, सायकली, गाई. ती कठड्याले टेकून उभी. मले वाटे ती नाही म्हणन. मी आतून तेच मागत होती की तिनं नाही म्हणावं.

तिनं सगळं सांगितलं, कोणी सामान मोजून देते तसं. चहाच्या वेळी, नंबर सांगून झाल्यावर, मावशीनं तिले समोसे आणाले पाठवलं होतं. झेरॉक्सवाला समोसेवाल्याच्या बाजूलेच. तिले माहीत होतं पांढुर्ण्यात पट्टी नंबर झाकते, काहून की ती आमच्याच घरी बसून पाहायची. अन् श्रावणभाऊले गठ्ठा सापडला की तो कोणाले न विचारता चिकटवणार, हे बी माहीत होतं.

मी विचारलं काहून.

तुले प्रज्ञाच्या पोलीस भरतीचं माहीत आहे का? नसंन. तिनं कोणालेच सांगितलं नव्हतं, मले बी नाही. ग्राउंडवर धावताना तिचे हातपाय गार पडले, श्वास घेता येईना, अन् ती लाइन सोडून पळत गेटच्या बाहेर गेली. तिथंच रिक्षात बसून रडली. घरी येऊन फक्त आईले सांगितलं, तिच्या मांडीत तोंड घालून. अन् दोन रविवारानंतर मावशीनं ते टीव्हीवर सांगितलं. चांगल्या मनानंच सांगितलं, की बायाहो, पोरं हारली तरी त्याइले जवळ घ्या. मले आठवते तो भाग. माह्या आईच्या डोळ्यात पाणी आलं होतं. पण प्रज्ञाले कॉलेजात पोट्टे म्हणे, काय वं, गेट कोण्या बाजूले आहे?

तिनं आईले म्हटलं, माहं नको सांगत जाऊ. मावशी म्हणे, लोकाइले तेच आवडते, तुह्याच किश्श्याचे मेसेज सगळ्यात जास्त येतात, चॅनलवाले बी म्हणतात पोरीचं अजून सांगा.

“मंग मी बी मेसेज पाठवला,” प्रज्ञा म्हणाली. “जसे सगळे पाठवतात तसा. पोरीचे किस्से बंद करा. मी बी प्रेक्षकच होती ना, वं? मले उत्तर आलं, आपलं मत नोंदवलं, धन्यवाद. अन् रविवारी आईनं तो वाचला.”

अन् आपण हसलो. ती बी हसली होती, माह्या बाजूले बसून.

मले राग येऊन राहिला होता अन् तो कुठं टाकावा समजत नव्हतं. मी म्हटलं, तुह्यासाठी अख्खं गाव खोटं पडलं. तुही माय त्या बायाइचे कपडे वापस पाठवून राहिली. श्रावणभाऊ स्वतःले शिव्या देऊन राहिला. अन् तू माह्यासंगं दारोदार हिंडली, बाटली धरून. शुभमचं नाव तूच माह्या डोक्यात घातलं.

ती म्हणाली हो.

मी म्हटलं, तुले फोटोच टाकायचा होता तं टीव्हीवरचा टाकायचा, चष्मेवाला. कोणाले समजलंच नसतं.

तिनं नदीकडे पाहिलं. “तिचा चांगला फोटो टाकावा वाटला,” म्हणाली. “तिच्या शेवटच्या कार्यक्रमाचं पोस्टर होतं ते.”

आम्ही वापस आलो. काल रात्री ती माह्याच खाटीवर झोपली, भिंतीकडे तोंड करून. मले ‘सांगू नको’ असं तिनं एकदाबी म्हटलं नाही. म्हटलं असतं तं सोपं झालं असतं, मी भांडली असती.

आता पाय माहं काय होऊन बसलं. पोस्टर या पिशवीत आहे, हे पाय. शुभम सकाळपासून दोनदा फोन करून राहिला, संध्याकाळच्या आत आण. नेलं तं ते टीव्हीवर दिसन, अन् तो फोटो पाहिल्याबरोबर मावशी ओळखन. चष्म्याशिवाय बी ओळखन. तिगावचं स्टेशन तिले बी आठवते. तिले गाव वापस भेटन, कार्यक्रम भेटन, अन् पोरगी जाईन. नाही नेलं तं पोरगी राहीन, अन् ती मरेपर्यंत हेच समजन की पांढुर्ण्यानं तिले हाकललं. ब्लाऊजचं गाठोडं आमच्या घरी दारामागं पडून आहे. बाया विचारून राहिल्या, मावशी काहून नाराज झाली, आम्ही तं कॉल देल्ला.

आत्ता तू यायच्या आधी मावशीचाच फोन आला होता. मले म्हणे, रूपाली, प्रज्ञाकडे लक्ष दे वं, फोनवर बोलत नाही नीट, माह्यामुळं तिले कॉलेजात कोणी चिडवून राहिलं का, की आईले लोकाइनं काढलं म्हणून? मी म्हटलं नाही मावशी, तसं काही नाही. ती म्हणे, एक तूच खरं सांगते मले.

ती पाय, प्रज्ञा तिथं ओसरीत बसली, मटर सोलून राहिली. तिले दिसून राहिलं मी तुले काय सांगून राहिली ते.

नागपूरची गाडी पाचची आहे. शिवानी, तू माह्या जागी असती तं काय केलं असतं?